घरच्या घरी लेमन सावर : शोचूची बाटली आली आहे, पुढे काय?

कोथरूडचा_कोकणी
मंडळी, मेव्हणा टोकियोहून सुट्टीवर आलाय आणि येताना शोचूची (जपानी गाळीव दारू) बाटली घेऊन आलाय. बार्लीची, २५ टक्केवाली इइचिको. मागे त्याच्याकडे गेलो होतो तेव्हा इझाकायात (तिकडचा गुत्ता म्हणा, पण बायकापोरांसकट जाता येईल असा) लेमन सावर, म्हणजे शोचू, लिंबू आणि सोडा, प्यायलो होतो. तेव्हापासून ते डोक्यातून जात नाहीये. गार म्हणजे दात शिवशिवतील इतकं गार, आंबट, फसफसतं आणि गोडाचा पत्ता नाही. आपल्याकडे कॉकटेल मागवलं की अर्धा ग्लास पाकच येतो, त्याच्या अगदी उलट प्रकार.

शनिवारी चार टाळकी घरी येताहेत. पुण्यात पारा चाळिशीला टेकलाय. बाटली एकच, त्यामुळे प्रयोगांत घालवायची नाही. तर प्रमाण काय घ्यावं? आपलं कागदी लिंबू चालेल की तो महागडा पिवळा लेमन आणायचा? साखर घालावी का? नेटवर दहा ठिकाणी दहा कृती आहेत. स्वतः करून प्यायलेल्यांनीच लिहा.

ता. क. साके आणि शोचू एकच, असं कृपया कोणी लिहू नये.

टवाळखोर
पत्ता व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. शनिवारी किती वाजता?

आजोबा_ठाणे
साके, शोचू आणि कोरियन मालिकांत हिरव्या बाटलीतून पितात ते, तिन्ही एकच असं आमची नात म्हणते.

कोथरूडचा_कोकणी
आजोबा _/\_

निशिकसाईकर
आजोबा, नातीला सांगा की साके म्हणजे नुसते तांदूळ आंबवून केलेली, साधारण १५ टक्क्यांची. शोचू त्यापुढे जाऊन भट्टीवर चढवतात, ऊर्ध्वपातन करतात. हिरव्या बाटलीतली सोजू बहुतेक वेळा जवळपास शुद्ध अल्कोहोलमध्ये पाणी आणि गोडी मिसळून केलेली असते. तिघी शेजारणी आहेत, बहिणी नव्हेत.

आता मूळ प्रश्न. शोचूतही दोन तऱ्हा. एकीचं ऊर्ध्वपातन एकदाच होतं, तिला होन्काकु म्हणतात. रताळं, बार्ली, तांदूळ, जे वापरलं त्याचा वास तिच्यात राहतो. दुसरी सलग चालणाऱ्या उंच स्तंभातून काढतात, कोरुई. ती जवळपास बिनवासाची असते. टोकियोच्या साध्या इझाकायात तुम्ही जे लेमन सावर प्यायलात ते नव्वद टक्के कोरुईचं असणार. तुमच्याकडची होन्काकु आहे. पण घाबरू नका, ही बार्ली कमी दाबाखाली, म्हणजे कमी तापमानाला उकळून काढलेली असते. त्यामुळे हलकी आहे, लिंबाशी भांडत नाही. रताळ्याची जुन्या वळणाची असती तर मी वेगळा सल्ला दिला असता.

प्रमाण : शोचू ६० मिली, लिंबाचा रस १५ ते २०, सोडा १२०. साधारण साडेसात टक्क्यांचं पेय होतं. हलकं हवं तर सोडा १५०.

पण प्रमाणापेक्षा गारव्याला जपा. ग्लास फ्रीजरमध्ये, शोचू फ्रीजरमध्ये (२५ टक्केवाली घरच्या फ्रीजरला रात्रभरात दगड होत नाही, फार तर जरा दाट होते किंवा बर्फाचा चुरा धरते), सोडा फ्रीजच्या सगळ्यात गार कप्प्यात. गार पाण्यात वायू जास्त विरघळून राहतो, कोमट सोडा ग्लासात पडताक्षणी फसफसून मोकळा होतो. ग्लास बर्फाने काठोकाठ भरा, शोचू आणि रस घाला, चमच्याने चांगलं ढवळा आणि मग सोडा ग्लासच्या कडेने ओता, बर्फाच्या डोक्यावर नाही. त्यानंतर चमचा तळाशी घालून बर्फ एकदाच अलगद वर उचलायचा. बस्स. पुन्हा ढवळलंत की सोड्याचे पैसे वाया.

मधुरा_जे
वाचनखूण साठवली. आमच्याकडे शोचू नाही, पण सोडा ओतण्याचा भाग लिंबू सरबताला लावणार.

बिनपाण्याचा
होन्काकु शोचूत सोडा आणि लिंबू? कोजी (धान्यावर वाढवायची बुरशी) लावून, आंबवून, एकदाच गाळून इतक्या निगुतीने धान्याचा वास बाटलीत टिकवलाय आणि तुम्ही त्यावर लिंबू पिळणार. आधी नुसत्या एका मोठ्या बर्फाच्या तुकड्यावर घोट घोट घ्या. दुसरा ग्लास बर्फ-पाण्यात. तरीही लिंबूच पिळायचं असेल तर दुकानातून वोडका आणा, फरक कळणार नाही.

निशिकसाईकर
बिनपाण्याचा, पहिला ग्लास नुसता घ्यावा हे मान्य. पण तुमच्या या बार्लीच्या शोचूचं माहेर जपानचा ओइता प्रांत. तिथे काबोसु नावाचं हिरवं लिंबू होतं आणि तिथली माणसं ते याच शोचूत सर्रास पिळतात. जिथे ती बनते तिथल्या लोकांना चालतं तर कोथरूडने का सोवळं पाळावं?

बिनपाण्याचा
ओइतावाले रोज पितात हो. यांच्याकडे एकच बाटली आहे.

काजूबोंड
पॉपकॉर्न घेऊन बसलोय. तोवर गोव्याची बाजू मांडतो.

आमच्याकडे ही भानगड जुनीच आहे. काजूच्या बोंडांचा रस आंबवून पहिल्यांदा गाळला की उर्राक, ती पुन्हा गाळली की फेणी. उर्राक मार्च ते मे एवढीच मिळते आणि ती कोणी नुसती पीत नाही. लिम्का, चिमूटभर मीठ, उभी चिरलेली हिरवी मिरची, वर लिंबू, भरपूर बर्फ. म्हणजे एकदाच गाळलेली, वासाची दारू उन्हाळ्यात लांबवून प्यायची, हे तर्कशास्त्र तुमच्या लेमन सावरचंच. फरक गोडाचा, लिम्कात साखर ठासून भरलेली असते. मिरची मात्र करून बघा. बी काढून अर्धी मिरची शोचूत दहा मिनिटं ठेवायची आणि मग फेकून द्यायची. तिखट नाही लागत, हिरवा वास तेवढा उतरतो.

शोचूऐवजी फेणी घालून लेमन सावर होईल का असं कोणी विचारण्याआधीच सांगतो, नाही होणार. फेणी खोलीत शिरली की बाकीच्यांनी गप्प बसायचं असतं.

टवाळखोर
शेवटच्या वाक्यासाठी +१००

सुगरण_नाही
लिंबाबद्दल लिहिते कारण यावर कोणी बोललंच नाही.

कागदी लिंबू आणि पिवळा लेमन ही दोन वेगळी फळं आहेत. कागदीचा रस जास्त आंबट आणि टोकदार, म्हणून २० मिली घेतलात तर तोंड वाकडं होईल, १२-१५ पुरे. लेमनची खरी मजा सालीत. सालीच्या बाहेरच्या पिवळ्या थरात तेलाच्या बारीक पिशव्या असतात आणि इझाकायात जो वास नाकात भरतो तो त्या तेलाचा, रसाचा नव्हे. कागदीची साल पातळ, तिच्यात वास आहे पण दारूत पडून राहिली की कडवटपणा लवकर उतरतो. म्हणून कागदी वापरत असाल तर फोड ग्लासात टाकू नका. रस पिळायच्या आधी लिंबू ग्लासच्या काठावर आणि आतल्या बाजूने चोळा.

पिवळे आणलेत तर बाहेरचं मेण आधी काढा. जाडं मीठ लावून तळहातावर घासायचं, कोमट पाण्याने धुवायचं, पुसायचं. मग पाव इंच जाडीच्या चकत्या करून ताटात सुट्या सुट्या ठेवून रात्रभर फ्रीजरला. अर्ध्या बर्फाऐवजी याच चकत्या घाला. वितळल्या तरी पेय पाणचट होत नाही, उलट दुसरा ग्लास पहिल्यापेक्षा चांगला लागतो.

आणि बर्फ! आपल्या फ्रीजरच्या बर्फाला मटारचा आणि काल ठेवलेल्या ओल्या नारळाचा वास असतो. आदल्या दिवशी ट्रे घासा, ताजा बर्फ लावा, झाकण ठेवा. स्टीलच्या वाटीत लावलात तर मोठा तुकडा मिळतो, उशिरा वितळतो.

निशिकसाईकर
ताई, दंडवत. बर्फाच्या वासाबद्दल तर दोनदा. इथे जपानात कोपऱ्यावरच्या दुकानात एक किलोची पारदर्शक बर्फाची पिशवी मिळते, त्यामुळे हा मुद्दा माझ्या ध्यानातच आला नाही.

आजोबा_ठाणे
सोडा कुठला आणावा? आमच्या वेळी गोटी सोडा मिळायचा. अंगठ्याने गोटी आत ढकलली की ठॉक.

भटकी_मैना
आजोबा, तीच गोटीची बाटली जपानमध्ये अजून जोरात आहे! रामुने नावाचं गोड पेय तिच्यात मिळतं, जत्रेत पोरं तेच पितात. बाटली मुळात कॉड नावाच्या इंग्रजाने काढलेली, १९ व्या शतकात. तिकडे आणि इकडे, दोन्हीकडे पोचली. गावाकडे अजून खरा गोटी सोडा मिळत असेल तर तोच वापरा, वायू दणदणीत असतो. बाटलीबंद क्लब सोडा घेताना मागचं लेबल वाचा, काहींत क्षार घातलेले असतात आणि खारट चव येते.

अवांतर : दक्षिण जपानमधल्या कागोशिमातल्या इसा गावात एक देऊळ आहे, कोरियामा हाचिमान. त्याच्या दुरुस्तीच्या वेळी लाकडावर सुतारांनी खरडलेला मजकूर सापडला, १५५९ सालचा. आशय असा की इथला मुख्य पुजारी इतका कंजूष की एकदाही शोचू पाजली नाही, फार वैताग आला. शोचूचे जे सगळ्यात जुने लेखी उल्लेख आहेत त्यात हा मोडतो.

टवाळखोर
कोथरूडचा_कोकणी, वाचताय ना? लोक साडेचारशे वर्षं लक्षात ठेवतात.

संस्कृतिरक्षक_७
मराठी संस्थळावर आता दारूच्या पाककृती यायला लागल्या. छान चाललंय.

काजूबोंड
दोन धागे सोडून खाली पन्ह्याचा धागा आहे. तिथे प्रतिसाद कमी पडताहेत.

डॉ_कडूजहर
रागावणार नाही, फक्त हिशेब सांगतो. २५ टक्क्यांची ६० मिली म्हणजे १५ मिली शुद्ध अल्कोहोल, वजनात १२ ग्रॅम. जपानच्या आरोग्य मंत्रालयाने फेब्रुवारी २०२४ मध्ये मार्गदर्शक तत्त्वं काढली. त्यात टक्के-पेले न मोजता ग्रॅम मोजा असं म्हटलंय. दिवसाला पुरुषांनी ४० आणि बायकांनी २० ग्रॅम किंवा त्याहून जास्त घेतलं तर जीवनशैलीच्या आजारांचा धोका वाढतो. म्हणजे असे तीन ग्लास झाले की पुरुषांची वेस जवळ आली, बायकांची दुसऱ्यातच ओलांडली. तिकडच्या दुकानात ९ टक्क्यांचे ५०० मिलीचे चूहायचे (तयार लेमन सावरसारखं पेय) डबे मिळतात, त्या एकाच डब्यात ३६ ग्रॅम. त्यावर बराच गदारोळ झाला आणि काही मोठ्या कंपन्यांनी आठ टक्क्यांचे आणि त्यावरचे नवे डबे काढणार नाही असं जाहीर केलं.

शोचूत साखर नसते म्हणून वजन वाढत नाही, हेही ऐकतो. साखर नसते हे खरं. अल्कोहोलच्या ग्रॅममागे सात कॅलरी असतात हेही खरं. आणि लेमन सावर सरबतासारखं घटाघट जातं, हीच त्याची खोड आहे. मधे पाणी प्या, गाडी घरी ठेवा.

कोथरूडचा_कोकणी
डॉक्टर, चौघांपैकी तिघे चालत येणारे आहेत. चौथ्याला रिक्षा करून देईन.

साखरेबद्दल कोणीच बोललं नाही. बायको म्हणते थोडी तरी घाल, पाहुण्यांना नुसतं आंबट जाणार नाही.

बिनपाण्याचा
साखर घातलीत तर मी धाग्यावरून निघालो.

सुगरण_नाही
साखर नको, खडीसाखर. जपानी घरांत सावरसाठी लिंबू आधीच शोचूत मुरवून ठेवतात. दोन पिवळे लेमन, साल आणि आतला पांढरा भाग काढून चकत्या, अर्धा लिटर शोचू, मूठभर खडीसाखर, सोबत सालीच्या तीन-चार पातळ पट्ट्या. बरणी फ्रीजमध्ये. पट्ट्या दुसऱ्या दिवशी काढायच्या, नाहीतर कडू. खडीसाखर हळू विरघळते तसा रस हळूहळू बाहेर येतो. प्यायच्या वेळी हे एक भाग, सोडा दोन भाग. गोड लागत नाही, फक्त आंबटाची धार जरा बोथट होते.

निशिकसाईकर
यात एक गंमत. जपानी कायद्यात घरी असं मुरवायला परवानगी आहे, पण मूळ दारू किमान २० टक्क्यांची हवी आणि द्राक्षं घालायची नाहीत. त्याहून कमी टक्क्यांत फळ टाकलं तर परत आंबायला लागेल आणि घरी दारू गाळल्यासारखं होईल, अशी सरकारला धास्ती. तुमची २५ ची, आणि तुम्ही कोथरूडमध्ये. तेव्हा बिनधास्त.

पेठेतला_पोपट
महाराष्ट्रात बिनधास्त कसं? दारू पिण्याचा परवाना काढलाय का? आणि चारही टाळकी पंचविशीच्या वरची आहेत ना?

कोथरूडचा_कोकणी
चौघांचं मिळून वय दोनशेच्या आसपास आहे हो.

पल्लवी_नाशिक
हिरमुसायला झालं, आमच्याकडे कोणी मेव्हणा टोकियोत नाही. इथे विकत घ्यावी तर आयात शुल्कच दीडशे टक्के. पर्याय सुचवा ना.

निशिकसाईकर
पल्लवीताई, साधी देशी वोडका ४२.८ टक्क्यांची असते. ३५ मिली वोडकात २५ मिली गार पाणी घातलं की ६० मिलीला तेवढाच जोर येतो. बाकी सगळं तसंच. हे फसवं नाही, जपानातल्या डब्यांतले कित्येक चूहाय वोडकावरच केलेले असतात. कोणी परदेशातून येत असेल तर माणशी दोन लिटर शुल्काशिवाय आणता येते, तेवढं आधी सांगून ठेवा.

शाकाहारी_शिलेदार
चकण्याचं काय? चकण्याशिवाय धागा अपूर्ण आहे.

भटकी_मैना
तिकडे एदामामे, म्हणजे सोयाबीनच्या कोवळ्या शेंगा, मिठाच्या पाण्यात उकडून. आपल्या उकडलेल्या भुईमुगाच्या शेंगांनी तेच काम होतं, मे महिन्यात ओल्या शेंगा मिळाल्या तर. शाकाहाऱ्यांना एक सूचना, जपानला गेलात की गार टोफू निर्धास्त मागवू नका. वर सुक्या माशाचे भुरभुरीत पापुद्रे टाकून आणतात. गरम पदार्थावर टाकले की ते वाफेने हलतात, तेव्हा जिवंत आहेत असं वाटतं. तळलेल्या टोफूच्या रश्श्यातही मासाच असतो.

शाकाहारी_शिलेदार
म्हणजे मी ओसाकात चवीचवीने जे खाल्लं ते... राहू दे.

टवाळखोर
प्रकाटाआ (प्रतिसाद काढून टाकण्यात आला आहे)

मधुरा_जे
उमेबोशी म्हणून खारवलेलं आंबट फळ ग्लासात ठेचून पितात ना? त्याला आपल्याकडे काय वापरावं?

सुगरण_नाही
उपासाचं लिंबाचं लोणचं. जुनं, काळं पडलेलं. एक फोड ग्लासच्या तळाशी लाकडी दांड्याने चेचायची, शोचू, बर्फ, सोडा. लिंबू वेगळं पिळायचं नाही. खारट-आंबट-जराशी गोड, घाम आलेल्या माणसाला अमृत.

टवाळखोर
उपासाचं आहे म्हणजे एकादशीला चालेल?

आजोबा_ठाणे
गटारीपर्यंत थांबा.

काजूबोंड
कोकमाचं आगळ विसरलात सगळे. एक चमचा, जास्त नको, ते मुळात खारट असतं. रंग असा येतो की पाहुणे आधी फोटो काढतात. आणि गणपतीत पपनस येईल तेव्हा ते सोलून त्याचा रस घाला. तिकडे टेबलावर अर्धं ग्रेपफ्रूट आणि पिळणं आणून देतात, आपलं आपण पिळायचं. पपनस त्याच घराण्यातलं.

कोथरूडचा_कोकणी
मंडळी, शनिवार पार पडला. वृत्तांत.

पहिला घोट सगळ्यांनी नुसत्या बर्फावर घेतला (बिनपाण्याचा, नोंद घ्यावी). एकाला ती भाजलेल्या सातूच्या पिठासारखी लागली, दुसऱ्याला काहीच लागली नाही. मग निशिकसाईकरांच्या प्रमाणाने सावर. काचेचे लांब ग्लास दोनच निघाले म्हणून बाकीच्यांना लस्सीचे स्टीलचे पेले दिले आणि ते जास्त भारी ठरले, बाहेरून दव धरलेलं आणि हातात घेववत नाही इतके गार. गोठवलेल्या चकत्या एकदम मान्य. साल चोळल्यावर काठावर तेलाचा बारीक तवंग दिसतो आणि पेला तोंडाशी नेला की आधी तोच वास येतो. इझाकायात होतं ते हेच.

खडीसाखरेची छोटी बरणी बायकोने गुपचूप करून ठेवली होती. चौघांपैकी तिघांनी दुसरा पेला त्यातलाच मागितला. मी बिनसाखरेवर ठाम. आगळवाला एक केला, तो दिसायला एक नंबर पण शोचू त्यात हरवली. मिरची कोणी करू दिली नाही.

बिनपाण्याचा
भाजलेलं सातूचं पीठ म्हणणाऱ्या मित्राला माझा नमस्कार सांगा. बाकीच्यांबद्दल काही बोलत नाही.

पल्लवी_नाशिक
वोडकावालं करून बघितलं. सासूबाईंनी साधं लिंबू-सोडा समजून उचललं होतं, वेळेवर अडवलं.

कोथरूडचा_कोकणी
:D
अजून अर्धी बाटली उरली आहे. उघडल्यावर खराब होते का? फ्रीजमध्ये ठेवू?

निशिकसाईकर
साके असती तर लवकर संपवा म्हटलं असतं. शोचू गाळलेली आहे, नासत नाही. बूच घट्ट लावून उन्हापासून लांब कपाटात ठेवा. वास मात्र हळूहळू उडतो, तेव्हा वर्षभर पुरवत बसू नका.

अर्धी पावसाळ्यासाठी राखा. जुलैत खिडकीत बसून गरम पाण्यातली घ्या. पेल्यात आधी गरम पाणी, उकळतं नाही, सत्तरेक अंशाचं. मग त्यावर शोचू. पाणी चार भाग, शोचू सहा, किंवा निम्मं निम्मं. हा क्रम उलटा करू नका. गरम पाणी वर चढतं आणि शोचू खाली उतरते, चमचा न लावता आपोआप मिसळतं. कागोशिमात रताळ्याची अशीच पितात, पण तुमच्या बार्लीलाही जमतं.

बिनपाण्याचा
शेवटी कोणीतरी शहाणपणाचं बोललं.

आजोबा_ठाणे
त्यासोबत कांदाभजी चालेल ना?

कोथरूडचा_कोकणी
चालेल आजोबा. पहिला जोरदार पाऊस झाला की धागा वर काढतो.